समर्पक साथ

छत्तीस वर्षं मी लोकांच्या चार शब्द मागे राहून पगार घेतला. कोर्टात लघुलेखिका होते. साक्षीदार बोलायचा, मी लिहायची. आता कोर्टात माणसं बोलतात आणि भिंतच सगळं टिपून घेते, त्यामुळे आमचा धंदा कायमचा बसला.

आमचे औंधकरही असेच मागे राहणारे. मुकुंद औंधकर, पेटीवादक, मुक्काम सांगली. नवऱ्याला आडनावाने हाक मारते म्हणून सासूबाई शेवटपर्यंत माझ्यावर रुसून होत्या. पण कोर्टात सगळ्यांना आडनावानेच पुकारतात, ती सवय जिभेला लागली ती लागली. औंधकरांनी चव्वेचाळीस वर्षं गाणाऱ्यांना साथ केली आणि त्या सगळ्या वर्षांची कात्रणं मी वहीत चिकटवली. एकूण सहाशे अकरा. प्रत्येकात वरती गाणाऱ्याचं भरभरून कौतुक आणि अगदी तळाशी एक ओळ: 'मुकुंद औंधकर यांनी पेटीवर समर्पक साथ केली.' समर्पक! दुसरा शब्दच नव्हता मेल्यांकडे. मी चिडायची. औंधकर चष्मा पुसत म्हणायचे, "अगं, आलंय ना नाव? चिकटव."

ते गेल्यावर तिसऱ्या वर्षी, एका सकाळी साडेनऊला, तन्वीर मुजावर माझ्या दारात उभा राहिला. मुलगा मिरजेचा. घरात पिढ्यानपिढ्या तंबोरे बनतात, पण हा शिकला संगणक आणि पुण्याच्या एका संस्थेत जुन्या कलावंतांचं काम जतन करायच्या खात्यात लागला. डॉक्टरेट वगैरे केलेली, पण केस विस्कटलेलेच.

"काकू, काकांची पेटी सहा महिने द्याल का? इथेच, तुमच्यासमोर वाजवून दाखवतो आणि मग नेतो."

"वाजवणार कोण?"

"काकाच."

मी चहाचं आधण ठेवलं. म्हटलं, "आधी चहा घे. मग काय वेड्यासारखं बोलायचंय ते बोल."

त्याने जे सांगितलं ते मला समजलं तसं सांगते. त्यांच्या संस्थेकडे औंधकरांची साथ असलेली एकोणीसशे तासांची ध्वनिमुद्रणं आहेत. यंत्राने त्यातून आधी गाणाऱ्याचा आवाज आणि पेटीचा आवाज वेगळे काढले. मग स्वतःलाच कोट्यवधी वेळा एकच प्रश्न विचारला: गाणारा इथवर आला, आता पुढचा सूर कोणता घेईल? उत्तर द्यायचं, मुद्रणाशी ताडून बघायचं, चुकलं तर स्वतःला दुरुस्त करायचं. असं करता करता त्याला गाणाऱ्याच्या पुढच्या दोन सेकंदांचा अंदाज येऊ लागला, आणि अशा जागी औंधकर काय वाजवायचे तेही कळलं. बाकी काम सोपं. पेटीच्या प्रत्येक पट्टीखाली एक चिमुकला विद्युतचुंबक बसवायचा, भात्याला एक मोटर जोडायची. समोर कुणी गायला बसलं की पेटी आपली आपण साथ करणार.

"याचं नाव 'मुकुंद औंधकर संगत'," तन्वीर म्हणाला. "देशभरातल्या दोन हजार गायनशाळांत जाईल. काकांचं नाव वर, मोठ्या अक्षरात. फक्त वारसाची संमती लागते, म्हणजे तुमची."

मोठ्या अक्षरात म्हटल्यावर मी विरघळले. खोटं कशाला बोलू? सहाशे अकरा वेळा बारीक अक्षरं चिकटवलेली बाई मी. मी पेटी काढून दिली. पण सही केली नाही, कारण कागद नीट वाचल्याशिवाय सही करायची नाही, हे कोर्टाने अंगात मुरवलंय.

पंधरा दिवसांनी आमच्याच पुढच्या खोलीत प्रयोग झाला. गायला वसुधा किणीकर आली. औंधकरांनी बावीस वर्षं हिची साथ केली, मला वहिनी म्हणते आणि औंधकरांना मुकुंददा. दुपारचे तीन वाजले होते, तिने भीमपलास लावला. पेटीचा भाता आपोआप हलला, पहिला सूर निघाला आणि मी पदर डोळ्यांना लावला तो अर्धा तास काढलाच नाही. तोच हात हो! पट्टीवरून बोट उचलताना ते किंचित रेंगाळायचे, तेसुद्धा तसंच्या तसं.

गाणं संपल्यावर वसुधा पदराने वारा घेत म्हणाली, "वहिनी, काय सांगू, इतक्या आरामात मी आयुष्यात गायले नव्हते."

त्या 'आरामात'ने मला कुठेतरी टोचलं. कारण औंधकरांबरोबर गाताना ही बाई कधी आरामात नव्हती. उलट नेहमी भांडण. "मुकुंददा, सूर आधी का देत नाहीस? अडखळले असते म्हणजे?" ऐन बैठकीत अर्धी वळून पुटपुटायची, "किती छळशील रे!" आणि माइक तेवढं नेमकं उचलायचा. लोक हसायचे. औंधकर भाता मारत गप्प.

पेटी चाळीस विद्यार्थ्यांकडे चार महिने चाचणीला गेली. म्हणजे तिच्या चाळीस प्रती, मूळची संस्थेत. एक जादा प्रत वसुधाने हट्टाने मागून घेतली. मी तन्वीरला अट घातली, दर आठवड्याचं मुद्रण मला पाठवायचं. त्याला वाटलं, म्हातारी करमणूक म्हणून ऐकेल. पण मला नुसतं ऐकता येत नाही. बैठकीत बसले की हात शिवशिवायचे, म्हणून फार पूर्वी मी लघुलिपीत सूर लिहायची स्वतःची तऱ्हा बसवली होती. वरच्या ओळीत गाणारा, खालच्या ओळीत पेटी. अशा शेहेचाळीस वह्या कपाटात आहेत. औंधकर हसायचे. म्हणायचे, "माझ्या गुन्ह्याची नोंद ठेवतेस होय?"

चौथ्या महिन्याच्या शेवटी मी चाळिसांचे कागद जमिनीवर पसरले. एका बाजूला पहिल्या आठवड्याचे, दुसऱ्या बाजूला शेवटच्या. पहिल्या आठवड्यात चाळीस जणांचे चाळीस मासले होते. कुणी धांदरट, कुणी भित्रा, एक तर नुसता आडदांड. शेवटच्या आठवड्यात मला वाटलं, मी चुकून एकच कागद चाळीसदा लिहिला. भीमपलासात वर चढताना गाणारा निषादापर्यंत येतो. तिथून पुढे वरच्या षड्जाला जाता येतं, किंवा त्याच्या दारातून परत फिरून पंचमावर उतरता येतं. चाळीसच्या चाळीस षड्जाला गेले होते. परत फिरलेला एकही नाही.

मी तन्वीरला बोलावून घेतलं. पुण्याहून दीड तासात येणारी गाडी झाल्यापासून कुणालाही असं बोलावता येतं.

"काकू, चाळिसातल्या अडतीस जणांना पेटी आवडलीय," तो चपला काढता काढताच सांगायला लागला.

"आवडणारच. घास कुणी भरवला तर हात कोण खरकटा करील? हे कागद बघ. निषादावर पोर विचार करतंय, जाऊ की फिरू. तेवढ्यात तुझी पेटी पुढचा षड्ज वाजवून मोकळी. कानाला सूर मिळाला की गळा तिकडेच धावणार. मग हे गातंय कोण, पोर की पेटी?"

तो गुडघ्यांवर बसून कागद बघायला लागला. लघुलिपी त्याला येत नव्हती, पण सारख्या रेघा सारख्या दिसतात. मग मी कपाटातली एक जुनी वही त्याच्यापुढे टाकली. तिच्यात वसुधाचा भीमपलास होता आणि दोन ओळींच्या मधे जागोजागी ठिपके होते. कुठे एक, कुठे दोन, कुठे तीन.

"हे काय आहे?" त्याने विचारलं.

"औंधकर थांबायचे ते. जितकं थांबले तितके ठिपके. तुझ्या पेटीत मला एकही मिळाला नाही. माझे ठिपके कुठे गेले?"

तन्वीर ओशाळला. "काकू, काकांची पेटी गाण्याच्या साधारण तीन दशांश सेकंद मागे असायची. आम्हाला वाटलं, ऐकून बोट हलायला वेळ लागतो, ती माणसाची मर्यादा. यंत्राला ती कशाला हवी? म्हणून काढून टाकली."

"अरे, ती त्यांनी पाळलेली मर्यादा होती!" मी एवढ्या जोरात ओरडले की शेजारच्या खिडकीतून डोकं बाहेर आलं. "पुढचा सूर त्यांना तुझ्या यंत्राइतकाच ठाऊक असायचा. ते गाणाऱ्याच्या पुढे जात नसत, एवढंच."

त्याला मग मी नोकरीच्या दुसऱ्या वर्षातली माझी चूक सांगितली. एक खटला होता. तीन साक्षीदार ओळीने सांगून गेले होते की आरोपीला गेटपाशी पाहिलं. चौथा एक म्हातारा उभा राहिला. "त्या माणसाला मी गेटपाशी पाहिलं" म्हणाला आणि त्याला खोकल्याची उबळ आली. मी 'पाहिलं' लिहून पूर्णविराम दिला. पुढचं काय ते मला ठाऊकच होतं ना! नंतर जबाब वाचून दाखवला तेव्हा म्हातारा माझ्याकडे वळून म्हणाला, "बाई, माझं 'नाही' कुठं गेलं?" तो खोकून झाल्यावर म्हणाला होता, '...असं मी छातीठोकपणे सांगू शकणार नाही.' चूक तिथल्या तिथे दुरुस्त झाली. घरी येऊन मात्र रडले. औंधकर पोहे परतत होते. म्हणाले, "सरोज, आपलं काम एकच आहे गं. मराठीत 'नाही' शेवटी येतं, आणि गाण्यातसुद्धा. ते येईपर्यंत थांबायचं."

तन्वीरने वही मांडीवर घेतली, पुण्याहून पेटी मागवली आणि तीन दिवस सांगलीतच राहिला.

पहिल्यांदा त्याने सोपा उपाय केला. पेटीला सरसकट तीन दशांश सेकंद मागे ढकललं. ते ऐकून मला हसू आवरेना. जिन्यात उभं राहून हाका मारल्यासारखं वाजत होतं. कारण औंधकरांचं थांबणं काही घड्याळाने नव्हतं. बंदिशीचा मुखडा तर ठरलेला, तिथे ते गाणाऱ्याच्या अगदी बरोबर असायचे. गाणारा वाट शोधायला लागला की मागे सरायचे. आणि तो निषादासारख्या जागी दोन वाटांच्या मधे उभा राहिला, की भाता भरलेला, बोट पट्टीवर टेकलेलं, पण आवाज नाही. तिथे तीन ठिपके.

"मग अंदाज बांधणंच बंद करू का?" तन्वीरने विचारलं. "पण तसं केलं तर वीस वर्षांपूर्वीच्या यंत्रांसारखी ही धापा टाकत मागून येईल."

"अंदाज बांधू दे की. साक्षीदार बोलायचा तेव्हा माझी पेन्सिल कागदाच्या केसभर वर असायची. 'हो' आलं तरी तयार, 'नाही' आलं तरी तयार. फक्त टेकवायची नाही. तुझ्या पेटीला दोन्ही वाटांची तयारी करू दे. पट्टी मात्र सूर आल्यावरच दाबायची."

त्याचे डोळे असे काही चमकले की बस्स. यंत्राचा सगळा अभ्यास तसाच ठेवायचा, पण त्यातून एक उत्तर काढण्याऐवजी दोन-तीन उत्तरं हाताशी ठेवायची, आणि थांबायचं किती ते माझ्या ठिपक्यांवरून शिकवायचं. शेहेचाळीस वह्यांत अकरा हजारांवर ठिपके निघाले. मी वाचायची, तो भरायचा. दोन महिने लागले. माझा आवाज बसला, त्याला माझ्या हातच्या थालीपिठांची चटक लागली.

तिकडे संस्थेचा धीर सुटत चालला होता. पत्र आलं, अगदी गोड शब्दांत. चाचणी यशस्वी झाली आहे, डिसेंबरपर्यंत संमती न मिळाल्यास दुसऱ्या एका पेटीवादकाच्या नावाने प्रकल्प पुढे नेण्यात येईल, आणि कै. औंधकर यांची मुद्रणं संग्रहात सुरक्षित राहतील. सुरक्षित म्हणजे तळघरात. पुन्हा कुणी त्यांना हात लावणार नव्हतं.

पाठोपाठ वसुधा आली ती तणतणतच.

"वहिनी, सही का अडवलीत? घरोघरी नाव होईल मुकुंददाचं. आणि माझंही ऐका. अठ्ठावन्नची झाले मी. दम पुरत नाही पूर्वीसारखा. ती पेटी हात धरून नेते मला. तुम्ही तेवढंही काढून घेणार?"

मला तिचं वाईट वाटलं. ती खोटं बोलत नव्हती. मी तिच्यासमोर दोन कागद ठेवले, शेवटच्या आठवड्यातलं चाळिसातलं एक पोर आणि तिचा स्वतःचा गेल्या आठवड्यातला भीमपलास. "यातला तुझा कुठला ते ओळख."

"मला कुठे येतात तुमच्या रेघोट्या वाचता?"

"मलाही ओळखता आला नसता, वर नाव लिहिलं नसतं तर."

वसुधाचा चेहरा पडला. उठताना एवढंच म्हणाली, "एकदाच गाईन तुमच्या त्या अडेलतट्टू पेटीबरोबर. फसलं तर सही करायची." मी कबूल केलं. कोर्टातली बाई मी, शब्द दिला म्हणजे दिला. आणि शब्द दिल्यावर मला घाम फुटला, कारण वसुधा फसली तर औंधकरांच्या नावावर जन्मभर ती पुढे पुढे करणारी पेटी वाजत राहणार होती.

नोव्हेंबरच्या शेवटच्या रविवारी, दुपारी तीनला, सांगलीतल्या एका शाळेच्या सभागृहात बैठक ठेवली. दीडशे माणसं. संस्थेचे संचालक पुण्याहून आलेले, पहिल्या रांगेत. तन्वीर कोपऱ्यात, नखं कुरतडत. व्यासपीठावर डावीकडे तबलजी, उजवीकडे औंधकरांची पेटी, तिच्यामागे रिकामं आसन. ते आसन वसुधानेच टाकायला लावलं होतं.

भीमपलास सुरू झाला. मुखड्याला पेटी तिच्या बरोबरीने होती. मग वसुधा विस्ताराला लागली आणि पेटी हळूहळू मागे सरली. वसुधा दचकली. सात-आठ महिने हात धरून चालायची सवय झाली होती ना! एकदा ती अडखळली, एकदा श्वास अपुरा पडला आणि तान मधेच तुटली. संचालकांनी शेजारच्याच्या कानात काहीतरी सांगितलं. माझ्या हातातल्या पेन्सिलीचं टोक मोडलं.

ती पुन्हा खालून चढत आली. गंधार, मध्यम, पंचम, आणि निषाद. तिथे थांबली. पेटीकडून षड्ज येईल म्हणून तिने वाट पाहिली. पेटीचा भाता भरलेला मला दिसत होता, पण पट्टी हलली नाही. एक ठिपका. दोन. वसुधाने निषाद तसाच धरून ठेवला. दम पुरत नाही म्हणणारी बाई! सभागृहातला प्रत्येक माणूस मनातल्या मनात षड्ज लावून बसला होता. तीन.

वसुधा फिरली. षड्जाच्या दारातून, त्याला बोटही न लावता, धैवताला टेकून पंचमावर उतरली, आणि वाटेत तिने जी हरकत घेतली ती माझ्या शेहेचाळीस वह्यांत कुठेही नव्हती. पेटी तिच्या मागोमाग, अर्ध्या पावलाच्या अंतराने, तीच वाट उतरून आली. लोकांच्या तोंडून 'आहा' निघालं. वसुधाला स्वतःलाच खरं वाटेना. ती अर्धी वळली, त्या रिकाम्या आसनाकडे बघितलं आणि पुटपुटली, "मुकुंददा, किती छळशील रे!"

माइकने नेमकं तेवढं उचललं. सगळं सभागृह हसलं. मी हसले आणि रडलेही, दोन्ही एकदमच, आणि मला कुणाची लाज वाटली नाही.

त्यानंतर तास दीड तास ती बाई गात होती, आणि काय गात होती! शेवटी संचालक स्वतःच कागद घेऊन माझ्याकडे आले. संमती त्या थांबणाऱ्या नव्या पेटीपुरतीच आहे याची मी ओळ न् ओळ वाचून खात्री केली. कागदावर सर्वात वर 'मुकुंद औंधकर संगत' असं भल्यामोठ्या अक्षरात होतं. तेवढं मी तसंच राहू दिलं. मी काही संत नाही. सही केली, आणि अक्षर चांगलं आलं.

बुधवारी पेपर आला. आमच्या इथे एक साप्ताहिक अजून कागदावर छापतात, मुख्यतः माझ्यासारख्यांसाठी. बैठकीचं परीक्षण दोन रकाने भरून होतं. वसुधाच्या निषादावर एक अख्खा परिच्छेद. वसुधाच्या तरुण झालेल्या आवाजावर दुसरा. यंत्राबद्दल, तन्वीरबद्दल, चुंबकांबद्दल, संस्थेबद्दल एक अक्षर नव्हतं. परीक्षण लिहिणारे गृहस्थ गेली तीस वर्षं लिहितायत. गाण्यात रंगले असतील आणि घरी जाऊन सवयीने लिहून टाकलं असेल. मी चष्मा लावून तळाशी गेले. तिथे बारीक अक्षरांत होतं: 'मुकुंद औंधकर यांनी पेटीवर समर्पक साथ केली.'

मी तन्वीरला फोनवर ती ओळ वाचून दाखवली. तो गडबडला. "काकू, अहो, त्यांना चूक कळवायला हवी ना?"

"कसली चूक?" मी म्हटलं, आणि फोन ठेवून कात्री शोधायला उठले. डिंकाची बाटली वाळून गेली होती, तिच्यात थोडं कोमट पाणी घातलं. कात्रण चिकटवून त्याच्या कोपऱ्यात तारीख घातली आणि आकडा टाकला, सहाशे बारा.